तेलवेशीच्या उतारावरचं नाक

करंजनगरात सत्ता बदलू लागली तेव्हा सगळ्यात आधी हवालदाराचा हात बदलला. पूर्वी तो ठरावीक गाड्यांनाच सलाम ठोकायचा. आता महापालिका बरखास्त झाली होती, नवं स्वायत्त नगर अजून जन्माला यायचं होतं आणि मधल्या काळासाठी एक संक्रमण मंडळ नेमलं होतं. उद्या कोण कुठल्या खुर्चीत बसेल याचा भरवसा नाही, म्हणून हवालदार तेलवेशीच्या उतारावरून जाणाऱ्या प्रत्येकाला सलाम करू लागला. भंगारवाल्यालाही. भंगारवाला पहिल्या दिवशी घाबरून पळाला. मग त्यालाही सवय झाली.

चौकाचं जुनं नाव काढलं होतं आणि नवं ठरायचं होतं, म्हणून निळी पाटी कोरीच उभी होती. रिक्षावाले "कोऱ्या पाटीला सोडतो" म्हणत. झेंड्यांच्या दुकानात नुसतं पांढरं कापड खपायचं, गिऱ्हाईक म्हणायचं, "बांधून ठेवा, रंग मागनं सांगतो."

या उताराच्या मध्यावर अनसाबाई लोंढे हिचं मिरची कांडपाचं दुकान होतं. नवरा गेल्यावर तिनं ते एकटीनं चालवलं असं लोक कौतुकानं सांगायचे. ते खोटं होतं. एकटीनं नव्हे, धुळाप्पा मानेच्या पाठीवर चालवलं. बाजारातून मिरचीची पोती हातगाडीवर घालून धुळाप्पा चढ चढायचा, पोती पाठीवर घेऊन आत टाकायचा, कांडलेली चटणी डब्यात भरून गिऱ्हाइकाच्या सायकलला बांधून द्यायचा. मालकीण दिवसभर त्याला शिव्या घालायची आणि तो दिवसभर हसायचा. "धुळ्या, मुडद्या, कुठं मेलतास?" ही त्याची हजेरी. ज्या दिवशी ती नुसतंच "धुळाप्पा" म्हणायची त्या दिवशी तिला ताप असायचा, आणि तो न सांगता औषध आणायला जायचा.

समोर जैबुनबी मणेरचं बांगड्यांचं दुकान. रोज सकाळी दोघींचं भांडण झाल्याशिवाय उतार जागा व्हायचा नाही.

"अगं ए जैबुन, पाणी मारतीस का पूर आणतीस? उंबरा भिजला माझा!"

"तुझी मिरची नाकात जाऊन मेले तर माझ्या मयताला पाणी लागंलच की. आधीच मारून ठेवते."

"मर की मग. वाट कुणाची बघतीस?"

"तुला पोचवल्याबिगर जाणार न्हाई मी."

एवढं झालं की दोघी समाधानानं आपापल्या दुकानात वळायच्या. जैबुनबीचं गुडघ्याचं ऑपरेशन झालं तेव्हा तिच्या घरी महिनाभर डबा अनसाबाईकडून जात होता, आणि डब्याच्या झाकणावरून रोज नवं भांडण.

अशा या उतारावर, अनसाबाईच्या दाराशेजारच्या खांबावर, मंडळानं एक यंत्र बसवलं.

त्यामागचं शास्त्र खरं तर सुंदर होतं. माणूस चिडतो, घाबरतो, दात आवळतो तेव्हा त्याच्या अंगातले स्नायू नकळत ताणले जातात. स्नायूंमध्ये आयसोप्रीन नावाचा वायू साठलेला असतो. ताण आला की तो रक्तात सुटतो, रक्तातून फुप्फुसात आणि फुप्फुसातून श्वासावाटे बाहेर. नाकाला त्याचा पत्ता लागत नाही इतका तो थोडा. बंद चित्रपटगृहाच्या हवेत तो मोजता येत होताच: पडद्यावर कुणाचा जीव टांगणीला लागला की सगळ्या प्रेक्षकांच्या श्वासातून तो एकदम चढायचा. उघड्या रस्त्यावर मात्र वारा सगळं विस्कटून टाकायचा. नव्या यंत्रानं तो प्रश्न सोडवला. ते हवा ओढून आधी गार करायचं आणि तिच्यातला दमटपणा काढून टाकायचं. उरलेल्या रेणूंना वीजभार देऊन एका नळीतून पळवायचं. कोणता रेणू किती वेळात पलीकडे पोचला यावरून तो कोण आणि किती, हे ओळखायचं. वाऱ्याचा घोळ गणितानं निस्तरायचा. एवढं करून जो आकडा निघे त्याला मंडळानं नाव दिलं होतं, रोषांक.

काढून टाकलेला दमटपणा यंत्राच्या बुडातून थेंबथेंब गळायचा. त्यामुळे दुसऱ्याच दिवशी उतारानं त्याचं बारसं केलं: शेंबड्या.

उद्घाटनाला मंडळाच्या सलोखा अधिकारी केतकी गोळे आल्या. पस्तिशीच्या, शिकलेल्या, मनापासून चांगलं काम करतोय अशी खात्री असलेल्या. अशा माणसांपासून जपून राहावं, पण ते उताराला ठाऊक नव्हतं.

"हे यंत्र तुमचं बोलणं ऐकत नाही," त्या म्हणाल्या, "तुमचा चेहरा बघत नाही. तुमच्या खासगीपणाला अजिबात धक्का नाही."

"मग करतंय काय?" अनसाबाईनं विचारलं.

"फक्त वास घेतं."

"कुत्र्यागत?"

"कुत्र्यापेक्षा अचूक," केतकीबाई हसून म्हणाल्या.

नियम सोपा होता. ज्या रस्त्याचा रोषांक सतत चाळीसच्या आत राहील त्या रस्त्याला नव्या नगरसभेत स्वतःची जागा मिळेल. जो रस्ता पुन्हा पुन्हा वर जाईल तो 'मोकळा' होईल. म्हणजे दुकानं, गाडे, टपऱ्या उठवून तिथं झाडं लावली जातील. झाडांना राग येत नाही.

जागा म्हटल्यावर उत्तमराव चिखले खुर्चीत नीट बसले. हे माजी नगरसेवक, उताराच्या भाषेत मेंबर. महापालिका गेल्यापासून चहाच्या गाड्यावर त्यांच्यासाठी कुणी उठत नव्हतं. त्यांनी माईक हातात घेतला आणि म्हणाले, "उद्यापासून या उतारावर कुणी कुणाला अरे-तुरे करायचं न्हाई. शिवी तर न्हाईच न्हाई. गोड बोला. माझी हात जोडून विनंती आहे." आणि त्यांनी खरंच हात जोडले. जोडलेल्या हातांवरून ते सगळ्यांकडे असे बघत होते की, कोण मोडतंय ते ध्यानात ठेवीन.

दुसऱ्या दिवशी सकाळी जैबुनबीनं पाणी मारलं. अनसाबाईनं तोंड उघडलं, खांबाकडं बघितलं आणि म्हणाली, "जैबुनबी, पाणी जरा बेतानं मारता का?"

जैबुनबी बादली घेऊन तशीच उभी राहिली. चाळीस वर्षांत ही बाई तिला 'मारता का' म्हणाली नव्हती. तिला वाटलं, हिनं आपली काहीतरी तक्रार केलेली दिसतेय. "चुकलं हो," ती म्हणाली. आता अनसाबाईला वाटलं, हिच्या मनात काहीतरी आहे. एरवी ही चुकलं म्हणणारी नव्हे. दोघी आत गेल्या आणि दिवसभर एकमेकींच्या दुकानावर नजर ठेवून बसल्या.

महिन्याभरात उतार ओळखू येईना. "कृपया जरा सरकता का" हे लोक अशा डोळ्यांनी म्हणायचे की पूर्वीची आईवरची शिवी परवडली. भाजीवाल्या एकमेकींना "ताईसाहेब" म्हणायला लागल्या आणि एकमेकींच्या टोपल्यांखालची फरशी मापायला लागल्या. पूर्वी भांडण व्हायचं, दोन गालफाडं लाल व्हायची, संध्याकाळी विसरायचं. आता काहीच होत नव्हतं, म्हणून काहीच विसरलं जात नव्हतं. उताराच्या तोंडाशी लावलेल्या फलकावर रोषांक पन्नासच्या खाली यायला तयार नव्हता. गोड बोलताना माणसं अंग आवळून धरत होती, आणि शेंबड्या नेमकं तेच हुंगत होता.

हे कुणाच्या ध्यानात आलं नाही. ध्यानात आलं ते वेगळंच.

"रस्त्याला दृष्ट लागलीय," एक भाजीवाली म्हणाली.

"रस्त्याला न्हाई, शेंबड्याला," अनसाबाई म्हणाली. "येणारा-जाणारा त्याच्याकडं टक लावून बघतोय. लागणारच की."

मग ठरलं. अनसाबाईनं लवंगी मिरच्या दिल्या, मोहरी दिली, मीठ दिलं. चहावाल्यानं घमेल्यात निखारे आणले. मेंबरांनी आडकाठी केली नाही. त्यांनी स्वतःच नारळ फोडला. अनसाबाईनं मुठीतला ऐवज खांबावरून उतरवला, "आल्या-गेल्याची, पापी-चांडाळाची" असं पुटपुटली आणि निखाऱ्यांवर टाकला.

दृष्ट जबर असेल तर जळत्या मिरचीला खाट येत नाही, म्हणजे धुराचा ठसका लागत नाही, म्हणतात. खाट आली. यंत्राला हवा ओढून घ्यायची खोड असल्यामुळे ती खांबाभोवतीच घुटमळली आणि मग उतारानं खाली सगळीकडं पसरली. पाच मिनिटांत उतारावरचा जीव न् जीव खोकत होता. शाळेची बस अडकली, ड्रायव्हर स्टिअरिंगवर डोकं ठेवून खोकत होता. जैबुनबी पदर तोंडात कोंबून भिंतीला धरून उभी. खोकताना माणसाची छाती, पोट, पाठ, झाडून सगळे स्नायू आवळतात. फलकावरचा आकडा चढत चढत चौऱ्याण्णवला गेला. शेजारच्या पेठेत दगडफेक झाली होती त्या दिवशी तिथल्या खांबावरसुद्धा एवढा रोष नोंदला गेला नव्हता.

संध्याकाळी नोटीस आली. पुन्हा असं झालं तर उतार मोकळा.

मेंबरांनी बैठक बोलावली आणि अतिशय नम्रपणे म्हणाले, "मला कुणाचं नाव घ्यायचं न्हाई. मिरची कुणाकडनं आली हे सगळ्यांना माहीत आहे."

"नारळ कुणी फोडला तेपण माहीत आहे," अनसाबाई म्हणाली.

"अनसाबाई, तुमच्या भावना मी समजू शकतो," मेंबर म्हणाले. तेव्हा पहिल्यांदा तिला भीती वाटली.

चार दिवसांनी केतकीबाई हातात धरायचं छोटं नाक घेऊन आल्या. केस वाळवायच्या यंत्रासारखं दिसायचं. खांबावरचा शेंबड्या रस्त्याचा आकडा सांगायचा, हे माणसाचा सांगायचं. रोषाचा उगम शोधून त्याला समुपदेशन द्यायचं असा त्यांचा प्रामाणिक बेत होता.

आधी मेंबरांवर धरलं. आकडा आला सहा. केतकीबाई कौतुकानं "वा!" म्हणाल्या. त्या घटकेला मेंबर मनातल्या मनात अनसाबाईचं दुकान पाडून तिथं आपलं संपर्क कार्यालय बांधत होते. पण खुर्चीला टेकून, अंग सैल सोडून. आख्ख्या सार्वजनिक जीवनात त्यांनी कुणाचाही द्वेष करताना एकही स्नायू वापरलेला नव्हता.

जैबुनबी पस्तीस. चहावाला अडतीस. अनसाबाई सत्तेचाळीस; लोकांनी एकमेकांकडं बघितलं. तेवढ्यात खालून हातगाडी आली. धुळाप्पा चढावर वाकून, मान पुढं काढून गाडी ओढत होता. दारात थांबला, पोतं पाठीवर घेतलं आणि केतकीबाईंना वाट द्यायला हसून बाजूला झाला. छोटं नाक केकाटलं. अठ्ठ्याऐंशी.

"अहो बाई, पोतं हाय त्याच्या पाठीवर," अनसाबाई म्हणाली.

"यंत्र कारण विचारत नाही."

"मग तुम्ही विचारा की! तोंड हाय न्हवं तुम्हाला?"

"मी कारण विचारलं तर तो माझा पूर्वग्रह झाला," केतकीबाई समजुतीच्या सुरात म्हणाल्या. "यंत्र यासाठीच आणलंय, की माणसानं माणसाबद्दल ठरवू नये."

पोतं खाली ठेवून, घटकाभर बसवून पुन्हा मोजावं एवढं कुणाला सुचलं नाही असं नव्हे. मेंबरांना नक्की सुचलं होतं. म्हणूनच ते लगेच बोलले. "धुळाप्पा आपला लाख माणूस आहे. पण आत कुठंतरी धुमसतोय बिचारा. बोलत न्हाई ना. न बोलणाऱ्याचं फार साठतं."

आणि उतारानं धुळाप्पाकडं बघितलं. वीस-बावीस वर्षं जे हसू बघितलं होतं ते आता सगळ्यांना नव्यानं दिसायला लागलं.

"परवा माझ्याकडं बघून हसला," जैबुनबी हळूच म्हणाली. "कशासाठी हसला, अल्ला जाणे."

"जैबुन!" अनसाबाई ओरडली. छोटं नाक तिच्याकडं वळलं. तिनं तोंडाला पदर लावला.

धुळाप्पा पोतं घेऊन आत गेला होता. त्याला यातलं काही ऐकू गेलं की नाही, कळायला मार्ग नव्हता. आत डबे हलवल्याचा आवाज येत होता.

मेंबर तिला बाजूला घेऊन म्हणाले, "निर्णय तुमचाच आहे. कुणाची जबरदस्ती न्हाई. एका माणसासाठी सगळा उतार उठवायचा, का कसं, ते तुम्ही ठरवा. आम्ही आहोतच तुमच्या पाठीशी."

अनसाबाई दोन दिवस जेवली नाही. दुकान गेलं तर ती कुठं जाणार होती? धुळाप्पा गेला तर तो कुठं जाणार होता? तिनं दोन्ही बाजूंनी विचार केला, आणि दोन्ही वेळेला दुकान तिच्या बाजूला होतं.

तिसऱ्या दिवशी सकाळी धुळाप्पा आला तेव्हा ती म्हणाली, "धुळाप्पा, बसा."

त्यानं मागं वळून बघितलं, कुणाला म्हणतेय ते.

"तुम्हालाच म्हणते. चहा सांगितलाय. घ्या."

तो पोत्याच्या कडेवर टेकला. चहाचा ग्लास दोन्ही हातांत धरून बसला, प्यायला नाही. "ताप आलाय काय बाई? औषध आणू?"

"तसं काही न्हाई. तुम्ही फार वर्षं कष्ट केले. आता विश्रांती घ्यावी असं मला वाटतं. उद्यापासून."

"बाई," तो म्हणाला, "एकदा शिवी द्या की. म्हंजे मला कळंल काय झालंय."

समोर जैबुनबी बांगड्या पुसायची थांबली होती. चहावाला थांबला होता. फलकावर आकडा होता एकोणचाळीस.

"असं बोलू नये," अनसाबाई म्हणाली. "आपण शांतपणे बोलू."

धुळाप्पानं ग्लास खाली ठेवला. बाहेर जाऊन हातगाडी भिंतीला नीट लावली, चाकाखाली दगड सरकवला आणि उतार उतरून गेला.

त्या आठवड्यात रोषांक तीसवर आला. मेंबरांनी पेढे वाटले.

पण पोती कुणीतरी उचलायलाच हवी होती. नवा हमाल आला, त्याच्यावरही छोटं नाक केकाटलं. तिसरा आला, त्याच्यावरही. मग उताराला जी गोष्ट कळायला हवी होती ती कळली नाही, आणि दुसरीच कळली: हमाल म्हणजे मुळातच रागीट जात. पाण्याचे कॅन वाहणारा गेला. बर्फाची लादी आणणारा गेला. टोपली डोक्यावर घेऊन चढ चढणाऱ्या भाजीवाल्या एकेक करून गेल्या. जाताना प्रत्येकीला शाल दिली. अनसाबाईनं काही दिवस स्वतः पोती ओढली. मग एका सकाळी जैबुनबी आली आणि म्हणाली, "अनसाबाई, तुमच्या आकड्याबद्दल लोक जरा बोलतायत. मी आपलं कानावर घातलं."

"आभारी आहे," अनसाबाई म्हणाली. तिनं कांडप बंद केलं आणि कंपनीच्या चटणीची पाकिटं टांगली. पाकिटाला वजन नसतं.

फलकावर आकडा अकरा झाला. उतारावर आता मोबाइलची दुकानं होती आणि कुंड्या होत्या. नगरसभेची जागा मिळाली. मेंबर बिनविरोध निवडून आले. विरोधात अर्ज भरायला निघालेल्या एकाला दारातच हुंगून परत पाठवलं होतं. सत्कारात मेंबर म्हणाले, "आपल्या उतारानं द्वेषावर विजय मिळवला." टाळ्या अगदी बेताच्या पडल्या. जोरात वाजवल्या तर दंड ताणले जातात हे आता शेंबडं पोरसुद्धा जाणत होतं.

अनसाबाई पहिल्या रांगेत बसली होती. शेजारी जैबुनबी होती. भाषण संपल्यावर दोघींनी एकमेकींना नमस्कार केला. अनसाबाईनं जोडलेले हात सोडले. ती उठली, घरी न जाता रिक्षात बसली आणि नदीपलीकडं गुळाच्या अड्ड्यावर गेली. तो भाग नगराच्या हद्दीबाहेर. तिथं खांब नव्हते, म्हणून उतारावरचे हमाल तिथंच गेले होते.

तिथं ट्रक भरत होते. माणसं घामेजलेली, एकमेकांच्या आया-बहिणी काढत होती. गुळाचे रवे, अवजड ढेपा, हातोहात वर चढत होते. त्या रांगेत धुळाप्पा होता. दाढी वाढलेली, खांद्यावर पोतडं.

"धुळाप्पा," तिनं हाक मारली. त्यानं बघितलं आणि पुढचा रवा घेतला.

"चल. कांडप पुन्हा सुरू करायचंय."

"नाक वाजंल की."

"वाजू दे. उठवू देत दुकान. मी बघते त्यांच्याकडं."

त्यानं आणखी एक रवा वर दिला. जणू कुणी बोललंच नव्हतं. अनसाबाईनं वर्षभर गिळलेलं सगळं वर आलं.

"धुळ्या! सुक्काळीच्या, मुडद्या, तुझ्याशी बोलतीय मी! कान कुजले काय तुझे?"

ट्रकवरची माणसं हसली. धुळाप्पा हसला नाही. हातातला रवा त्यानं सावकाश खाली ठेवला, पोतडं काढलं, आणि तिच्यासमोर येऊन उभा राहिला.

"आता आली व्हय तुला शिवी?" तो म्हणाला. "तवा कुठं गेलती? शिवी देऊन हाकलली असतीस तर दुसऱ्या दिवशी मुकाट आलो असतो. मला बसा म्हणालीस. चहा पाजून मारलंस मला, रांडे!"

आणि मग तो सुटला. जन्मात कुणाला अरे म्हणाला नव्हता तो माणूस. त्यानं तिचं दुकान काढलं, तिचं कांडप काढलं, तिचा मेलेला नवरा काढला, तिची पाकिटं काढली, मेंबराची खुर्ची आणि जैबुनबीच्या बांगड्या काढल्या, पाठीवर वाहिलेलं एकेक पोतं तिच्या अंगावर टाकावं तसा बोलत राहिला. रांगेतली माणसं रवे खाली ठेवून ऐकायला लागली.

अनसाबाई हलली नाही. वर्षभरात तिच्याशी कुणी इतकं मनापासून बोललं नव्हतं.

श्वास घ्यायला म्हणून तो मध्येच थांबला. गळ्याच्या शिरा तट्ट फुगल्या होत्या, डोळ्यांतून पाणी वाहत होतं.

"झालं?" तिनं विचारलं.

"न्हाई," धुळाप्पा म्हणाला, आणि पुन्हा सुरू झाला.